विलंबी ताऱ्याचा देखावा : कामाच्या नोंदी

6 जुलै 2025, रविवार (आषाढी)

मंडळाची मीटिंग. साबुदाण्याची खिचडी खाता खाता यंदाचा देखावा माझ्या गळ्यात पडला. चूक माझीच. मीच म्हणालो की दरवर्षी तोच थर्माकोलचा किल्ला नको, या वेळी तारा करू. खोटा तारा, पण असा की त्याच्याजवळ नेलेलं घड्याळ लोकांच्या डोळ्यांदेखत मंद चालेल.

सेक्रेटरींचा पहिला प्रश्न : "यात देव कुठे?" कोपऱ्यात बसलेल्या आजींनी तो सोडवला. भागवतातला राजा ककुद्मी मुलीला, रेवतीला, घेऊन ब्रह्मलोकात गेला. हिला वर कोण, ते विचारायला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं, म्हणून संपेपर्यंत थांबला. गाणं संपल्यावर त्यानं मनातल्या वरांची नावं सांगितली तेव्हा ब्रह्मदेव हसले. म्हणाले, तू थांबलास तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली, यातलं कुणी उरलेलं नाही, आता हिला बलरामाला दे. देखावा जागेवरच मंजूर. बजेट मात्र मंजूर झालं नाही, "बघू" झालं.

9 जुलै

नाव ठरलं : विलंबी. आधी "मंदा" मनात होतं, पण ते ताऱ्यापेक्षा मावशीचं वाटतं. विलंबी हे साठ संवत्सरांतलं एक नाव आहे, शके 1940 त्याच नावाचं होतं. शिवाय इंदूरच्या माणसाला विलंब म्हटलं की विलंबित आठवतं आणि विलंबित म्हटलं की उस्ताद अमीर खाँ. अतिविलंबित लय, चौदा मात्रांचा झूमरा ताल, एक आवर्तन जवळजवळ मिनिटभर चालायचं. माझं डोकं लगेच धावलं : तारा म्हणजे अतिविलंबित गाणारा गवई. वहीत मोठ्या अक्षरात लिहून ठेवलं. (ही ओळ पुढे खोडावी लागली. 10 ऑगस्ट पाहा.)

13 जुलै, रविवार

सकाळी पोहे-जिलबी घेऊन काकांकडे. काका कॅट या इंदूरच्या विज्ञान संशोधन केंद्रातून निवृत्त झालेत आणि माणसाला हिशेब आल्याशिवाय घराबाहेर सोडत नाहीत. मी म्हटलं, तारा काल्पनिक आहे. ते म्हणाले, "मग खोटं कुठून सुरू होतं ते आधी ठरव."

गुरुत्व जिथे जास्त तिथे घड्याळ मंद, हे कल्पनेतलं नाही. इंदूर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटर उंच आहे, म्हणून आमची घड्याळं मुंबईच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे 5 नॅनोसेकंद पुढे जातात. (मुंबईकरांना हे आवर्जून सांगायचं.) जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं दिवसाला 38 मायक्रोसेकंद पुढे जातात. ती चूक दुरुस्त केली नाही तर फोनवरचा नकाशा एका दिवसात काही किलोमीटरांनी चुकेल. उलट सूर्याच्या पृष्ठभागावर घड्याळ ठेवता आलं तर ते वर्षाला सुमारे 67 सेकंद मागे पडेल. एवढा मोठा सूर्य, आणि पडला फरक मिनिटभराचा.

म्हणजे तारा मोठा असून भागत नाही, आवळलेला हवा. सूर्याच्या 1.4 पट वस्तुमान 12 किलोमीटर त्रिज्येत कोंबलं की न्यूट्रॉन तारा होतो. त्याच्यावर आपल्या दहा तासांत आठच तास आणि काही मिनिटं होतात. मी विचारलं, अजून आवळला तर? अर्ध्यावर? दशांशावर? काकांनी कागद ओढला.

इथे खरी गंमत. 1959 मध्ये बुखडाल यांनी सिद्ध केलं की गोल, स्थिर आणि आतून बाहेर घनता वाढत नाही असा तारा एका मर्यादेपलीकडे आवळता येत नाही. त्याच्यापुढे कोणताही दाब त्याला सावरू शकत नाही, तो कोसळतो आणि मग तो तारा राहत नाही. त्या मर्यादेवर पृष्ठभागावरचं घड्याळ दूरच्या घड्याळाच्या बरोबर एक तृतीयांश वेगानं चालतं. त्याहून मंद घड्याळ ताऱ्याच्या अंगावर बसूच शकत नाही.

मी म्हटलं, "म्हणजे तिगुन."

काका चमचा तसाच धरून थांबले. त्याच्या एका मात्रेत आपल्या तीन. तारा असेपर्यंत तिगुनच्या पुढे लय जात नाही. चौगुन म्हणाल तर ती गोष्ट झाली.

तर हे आमचं खोटं सुरू होण्याचं ठिकाण. ककुद्मीला किती लागतं तेही काढलं : सत्तावीस चतुर्युगं म्हणजे 11 कोटी 66 लाख 40 हजार वर्षं. गाणं तासाभराचं धरलं तर सुमारे एक लाख कोटी पट. विज्ञान देतंय तीन.

19 जुलै, शनिवार

जेल रोड. भिंतीवरच्या घड्याळाची सहा यंत्रं घेतली. दुकानदार बिनआवाजाची, सुई सरकत जाणारी दाखवत होता, "भिया, ये लो, टिक-टिक की झंझट नहीं." त्याला पटवावं लागलं की मला झंझटच हवीय. सुई घसरत गेली तर मंद झालेलं कळत नाही. ठोका लांबला की कळतं. येताना सियागंजातून दोरी, पुली, स्क्रू.

20 जुलै

बाबांनी आयुष्यभर घड्याळं दुरुस्त केली, राजवाड्याजवळच्या एका बोळात. त्यांची चिमटी आणि डोळ्यावर लावायचं भिंग माळ्यावर होतं, काढलं. भिंगाचा रबर वितळून चिकट झालाय.

यंत्र उघडलं. आत क्वार्ट्झचा स्फटिक सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. ती संख्या पंधरा वेळा निम्मी केली की एक उरतो. तो एक ठोका तारेच्या गुंडाळीत जातो आणि छोटं चुंबक अर्धा फेरा फिरतं. पुढच्या ठोक्याला वीज उलट्या दिशेनं जायला हवी, नाहीतर चुंबक जागचं हलत नाही. मला एवढंच करायचंय : स्फटिक आणि त्याची चिप बाजूला काढायची, गुंडाळीला दोन तारा जोडायच्या आणि ठोका अर्डुइनोनं, म्हणजे हवं ते कोड लिहून चालवता येणाऱ्या छोट्या सर्किटनं, द्यायचा. तो सांगेल तो सेकंद.

गुंडाळीची तार केसाहून बारीक. सोल्डर करताना दोन यंत्रं गेली. उरली चार.

27 जुलै

आठवडाभर सुई नुसती जागच्या जागी थरथरत होती. ठोका 10 मिलिसेकंदांचा देत होतो, तो अपुरा पडत होता. 40 केला आणि चालली. दिशा उलटायची ओळ कोडमध्ये एका ठिकाणी राहून गेली होती, म्हणून दर दुसरा ठोका वाया जात होता आणि मी तासभर "अर्ध्या वेगाचा तारा" बघून खूश होतो.

बारक्यांची मागणी आली की विलंबीनं काळ उलटाही फिरवावा. हे यंत्र एकाच दिशेनं फिरावं म्हणूनच घडवलेलं असतं, तेव्हा विलंबीची शक्ती एकतर्फी आहे असं जाहीर करून टाकलं. आमच्या ताऱ्याचा स्वभाव असा चाळीस रुपयांच्या यंत्रानं ठरवला.

2 ऑगस्ट

घड्याळ ज्यावरून ताऱ्याकडे सरकवायचं त्या रुळाची मापं. 20 सेंटिमीटर हे एकक धरलं : एवढ्या त्रिज्येत सगळा तारा आवळला तर कृष्णविवर. मग बुखडालच्या मर्यादेवरचा तारा त्याच्या सव्वापट नव्हे, नऊ-अष्टमांश, म्हणजे साडेबावीस सेंटिमीटर त्रिज्येचा. भाच्यानं 45 सेंटिमीटर व्यासाचा थर्माकोलचा गोळा आणला, बरोबर बसला. खरा विलंबी दोन सूर्यांच्या वजनाचा धरला तर त्याची त्रिज्या साधारण साडेसहा किलोमीटर, इंदूर शहरावर टेकवता येईल.

अडचण अशी की गणित रुळावर नीट पसरत नाही. दोन मीटर लांबच्या टोकाला घड्याळ 95 टक्के वेगानं चालतं, 60 सेंटिमीटरवर आलं तरी 82 टक्के. लोक घड्याळ ओढत आणणार आणि काहीच होत नाही म्हणून सोडून जाणार. सगळा खेळ शेवटच्या वीतभरात. निम्मा वेग येतो तो केंद्रापासून 26.7 सेंटिमीटरवर, आणि तिथून पृष्ठभाग उरतो फक्त चार सेंटिमीटर. मनात आलं, थोडं सपाट करू, कुणाला कळणार आहे. काकांना कळेल. तसंच ठेवलं, आणि रुळावर शेवटच्या वीतभराला केशरी पट्टा मारला : "इथे सावकाश सरकवा."

3 ऑगस्ट

उजेडाचं काम सोपं वाटलं होतं. घड्याळामागे एक दिवा, ताऱ्याजवळ जाईल तसा लाल होत जाणारा, कारण प्रकाश हीसुद्धा थरथरच आणि तीही मंदावते. पण हिशेब केला तर जांभळा दिवासुद्धा घड्याळ 57 टक्क्यांवर आलं की लाल होऊन दिसेनासा होतो. तिगुनच्या जागी दिसायला तर दिवा अतिनील हवा. म्हणजे खरं दाखवायचं तर सगळ्यात महत्त्वाच्या ठिकाणी मिट्ट काळोख! इथे लबाडी केली. शेवटपर्यंत मिणमिणता लाल ठेवला. काकांना सांगितलं. ते म्हणाले, "पाटीवर लिही." लिहिलं.

10 ऑगस्ट, रविवार

राखीसाठी ताई काल आली, आज राहिली. तिच्याकडून ककुद्मीच्या प्रसंगासाठी झूमऱ्यातली एक लहानशी चीज आणि तानपुरा रेकॉर्ड करून घेतला. कल्पना अशी की घड्याळ सरकेल तसं गाणंही त्याच प्रमाणात लांबत जाईल. मी लॅपटॉपवर तीनपट मंद करून ऐकवलं.

ताईनं कानावर हात ठेवला. "हे काय केलंस? विलंबित नाही हे. सा कुठे गेला माझा?"

मी सांगू लागलो की तू अतिविलंबितमध्ये गेलीस. ती म्हणाली, अतिविलंबितात गवयाचा सा जागेवर असतो. लय लांबते, स्वर उतरत नाही. खाँसाहेब मिनिटभराचं आवर्तन घेतील पण त्यांचा षड्ज त्यांच्या तानपुऱ्यातच असेल. तू तर कॅसेटची बॅटरी संपल्यासारखं केलंस.

रागच आला आधी. मग लक्षात आलं की ती दोन्ही बाजूंनी बरोबर आहे. ताऱ्याजवळ काळच मंद होतो, तेव्हा मात्राही लांबते आणि स्वराची कंपनंही तेवढीच विरळ होतात. लय आणि स्वर एकाच दोरीला बांधलेले. गवयाचं कसब नेमकं याच्या उलट : दोरी सोडवून लय तेवढी ताणायची. म्हणजे माझा तो "अतिविलंबित गाणारा गवई" बाद. ओळ खोडली, वाईट वाटलं.

ताई मात्र थांबली नाही. पेटी काढली. तिचा सा काळी पाच या पट्टीचा, सेकंदाला 233 कंपनांचा. निम्मे केले तर खर्जातला सा. तिसरा हिस्सा केला तर सुमारे 78, तो कुठे लागतो? तिनं आधी गुणगुणून पाहिलं, मग पेटीवर शोधला. खर्जातल्या सा च्याही खाली, अतिमंद्राचा मध्यम. तिगुनच्या मर्यादेवर विलंबीवरच्या बाईनं सा लावला की आपल्याला तो मध्यम ऐकू येतो. पेटीचा मध्यम केसभर इकडेतिकडे असेल, तानपुऱ्यातल्या शुद्ध मध्यमाशी मात्र बरोबर जुळतो.

"आणि तिला आपला कसा ऐकू येईल?"

तीनपट वर. 699. तार सप्तकातला पंचम.

तिकडून आलेला सा इथे मध्यम, इथून गेलेला सा तिकडे पंचम, आणि दोघीही आपापल्या जागी बिनचूक सा लावून बसलेल्या. काहीतरी बिघडलंय असं दोघींपैकी कुणालाच वाटत नाही. सहाशे पानांच्या पुस्तकातून मला जे नीट उमगलं नव्हतं ते ताईच्या पेटीवर वीस मिनिटांत उमगलं. आई आतून ओरडली की जेवायला या, नाहीतर वरण अतिमंद्रात जाईल.

देखाव्यात आता दोन बटणं : "तिथलं गाणं इथे" आणि "इथलं गाणं तिथे". छोट्या स्पीकरला 78 झेपत नाही, नुसता घरघरतो. मंडळाचा आरतीचा मोठा स्पीकर मागितलाय.

15 ऑगस्ट

पाटीवरून भांडण. सेक्रेटरींना वर ठळक अक्षरात हवं होतं : "सापेक्षता आपल्या पूर्वजांना ठाऊक होती!" मी नाही म्हटलं. ककुद्मीची गोष्ट मला फार आवडते, ज्यानं रचली त्याला हे सुचलं की काळ सगळीकडे एकसारखा नसेल. ही लहान कल्पना नव्हे. पण सुचणं वेगळं आणि मोजणं वेगळं. पूर्वजांचीच नावं हवी असतील तर मोजणाऱ्यांची घ्या. प्रल्हाद चुनीलाल वैद्य यांनी बनारसला विष्णु वासुदेव नारळीकरांकडे काम करताना 1943 मध्ये प्रकाश बाहेर टाकणाऱ्या ताऱ्याच्या गुरुत्वाचं गणित मांडलं, ते आजही वैद्यांच्याच नावानं ओळखलं जातं. विष्णुपंत म्हणजे जयंत नारळीकरांचे वडील. जयंतराव मे महिन्यात गेले, हे आठवल्यावर सेक्रेटरी जरा मऊ झाले.

तडजोड : ताऱ्याच्या स्टँडवर लाल रेघ. रेघेच्या बाहेर "हिशेब", आत "गोष्ट". घड्याळ ताऱ्याला टेकवून लाल बटण दाबलं की सुई पूर्ण थांबते आणि आजींच्या आवाजात ककुद्मी सुरू. आजींनी एका दमात रेकॉर्डिंग दिलं, फक्त मध्ये कुकरच्या दोन शिट्ट्या आहेत. ठेवल्यात.

17 ऑगस्ट

तीन घड्याळं : भिंतीवरचं "इंदूर", रुळावरचं सरकतं, आणि ताऱ्याला कायमचं चिकटवलेलं "विलंबी", जे अकरा दिवस अखंड तिसऱ्या हिश्श्यानं चालेल. काकांनी नवीन फाटा फोडला : "इंदूरचं म्हणजे कुठलं?" आपण लावतो ती वेळ साडेब्याऐंशी अंश रेखांशाची. इंदूरचा सूर्य तिच्यामागे साधारण साडेसव्वीस मिनिटं, एक घटका आणि सहा-सात पळं. शेजारचं उज्जैन एके काळी साऱ्या पंचांगांचं मूळ रेखांश होतं, आणि आज आपण घटकाभर उसन्या वेळेवर जगतोय. वाद रंगला, पण आरती आठला असते ती याच उसन्या आठला. भारतीय प्रमाणवेळ लावली.

24 ऑगस्ट

तालीम. अंतर मोजायला लावलेला आवाजाचा सेन्सर पडद्याच्या घड्यांना तारा समजत होता. काढून दोरी-पुली आणि पुली किती फिरली ते सांगणारा दहा फेऱ्यांचा पोटेन्शिओमीटर लावला. गावठी पण पक्का.

27 ऑगस्ट, बुधवार

स्थापना. दुपारी बाराला तिन्ही घड्याळं बारावर लावली. संध्याकाळी रांग. मोठी माणसं पाटी वाचतात, पोरं सरळ घड्याळ ओढतात आणि ताऱ्याला टेकवतात. त्या वीतभरात सगळे आपोआप गप्प होतात. पुढचा ठोका कधी पडतो त्याची वाट बघतात.

30 ऑगस्ट

रोज येणारा एक पहिली-दुसरीतला मुलगा : "काका, तिथे गणपती किती दिवसांचा?" आपल्या अकरा दिवसांत तिथले तीन दिवस सोळा तास. त्यानं विचार केला. "मग त्यांचे मोदक कमी?" उत्तर देता आलं नाही. ताईला फोन करून विचारलं, तीही हसत सुटली.

6 सप्टेंबर, अनंत चतुर्दशी

विसर्जन. रात्री मिलच्या झांक्या, म्हणजे मिरवणुकीतले चालते देखावे, बघायला गेलो. मिली कधीच बंद पडल्या, झांक्या मात्र निघतात. पहाटे घरी.

7 सप्टेंबर, रविवार

रात्री खग्रास चंद्रग्रहण, दुपारी एकच्या सुमारास वेध. म्हणून आईचं फर्मान की मांडव बाराच्या आत आवरा. वायरी गुंडाळल्या. बरोबर बाराला तिसऱ्या घड्याळाकडे पाहिलं. अकरा दिवसांचे 264 तास, त्याचा तिसरा हिस्सा 88, म्हणजे काटा चारवर हवा होता. होता दोनवर.

दोन तास गायब, आपले सहा. कोड तपासला, दोरी तपासली. शेवटी चौकीदारानं सांगितलं की बुधवारी रात्री पावसात लाइट गेली तेव्हा त्यानं आमची पॉवर बँक काढून फोन लावला होता आणि पहाटे परत जोडली. विलंबीवर सहा तास काळ थांबला होता आणि आम्हाला पत्ता नाही. लाल रेघेच्या आतला चमत्कार खरा घडला तो चौकीदाराच्या हातून.

आईनं बोटांवर मोजलं. सत्तावीसला दुपारी बारा, त्यात शहाऐंशी तास. "म्हणजे तिथे एकतीस तारखेची पहाट. गौरी आज यायच्यात त्यांच्या."

तिसरं घड्याळ सोडवलं नाही. तसंच चालू ठेवून घरी आणलं, पॉवर बँकेसकट. आईनं ते फ्रिजवर ठेवलंय.